प्रत्येकाचा आपापला नळ

फेब्रुवारी संपत आला की आमच्या सोसायटीचा आवाज बदलतो. एरवी संध्याकाळी पार्किंगमध्ये बॉल आपटत असतो, वॉचमन पोरांवर ओरडत असतो. ते सगळं थांबतं. कुठल्यातरी खिडकीतून सनावळी घोकल्याचा सूर येतो, कुणाच्या घरी टीव्हीवर चादर पडते. खाडीकडून येणारा वारा दुपारी कोरडा लागायला लागतो आणि पारसिकच्या डोंगरावरचं गवत वाळून पिवळं पडतं. ही परीक्षांची हवा. मला आता कुठलीच परीक्षा द्यायची नसते, तरी ही हवा सुटली की मी पहाटे आपोआप जागा होतो.

परवा माझी मुलगी सई जेवणाच्या टेबलावर गणितं सोडवत बसली होती. ती आठवीत आहे. धडा होता व्यस्त चलनाचा. एक राशी वाढली की दुसरी त्याच मानाने कमी होते, दोघींचा गुणाकार मात्र कायम राहतो, असा तो धडा. तिने भराभर गुणाकार मांडले, भागाकार केले, वही मिटली.

"झालं?" मी विचारलं.

"बाबा, ह्यात काय आहे? एका ओळीचं तर असतं."

"कठीण नाही वाटलं?"

"कठीण काय वाटायचंय त्यात?"

तिचं बरोबर होतं. मलाही तिच्या वयात ते कठीण वाटलं नव्हतं. पण ज्या एका माणसाला ते फार कठीण गेलं, त्याला शिकवण्याचं काम माझ्याकडे आलं होतं, आणि ते मी पार पाडलं. आजही मला त्याचा अभिमान वाटतो. तो अभिमान पूर्ण स्वच्छ मात्र नाही.

नव्वदच्या दशकाच्या मध्यावरची गोष्ट आहे. आम्ही कोपरखैरण्याला एका बैठ्या घरात राहत होतो. एक खोली, मागे स्वयंपाकाला जागा, पुढच्या दाराशी नळ. आजूबाजूला निम्म्या प्लॉटवर घरं आणि निम्म्यावर रानटी एरंड. संध्याकाळी वारा फिरला की महाप्याच्या बाजूने कंपन्यांचा वास यायचा. सडलेल्या अंड्यासारखा, कधी जळक्या रबरासारखा. आई त्या वासाला "आलं बघ जेवन" म्हणायची, कारण तो नेमका आमच्या जेवणाच्या वेळेला यायचा.

घर लहान आणि माणसं फार. आम्ही साताऱ्याकडचे. गावातून कुणी पोटापाण्यासाठी निघालं की ते वाशीच्या बाजारात हमालीला यायचं, आणि जागा मिळेपर्यंत आमच्याकडे उतरायचं. कुणी विचारून यायचं नाही, कुणी कधी जाणार तेही विचारायचं नाही. त्या वर्षी वडिलांचे चुलतभाऊ संपतनाना होते, आणि त्यांच्याबरोबर गावचे आणखी दोघे. माणूस बाजारातून परतला की त्याच्या अंगाला त्या दिवसांत जो माल चढत-उतरत असेल त्याचा वास असायचा. थंडीत कांद्याचा. मार्च लागला की आंब्याच्या पेट्यांतल्या गवताचा. संपतनानांच्या केसांत त्या गवताच्या काड्या अडकलेल्या असायच्या आणि आमची खोली आंबा न खाताच आंब्याची व्हायची.

वडिलांना आम्ही आप्पा म्हणायचो. ते बेलापूरच्या एका सरकारी कचेरीत शिपाई होते. शिपायाला कारकून व्हायचं असेल तर खात्याची परीक्षा द्यावी लागे. एक पेपर मराठीचा, एक अंकगणिताचा. आप्पा आधी दोनदा बसले होते. दोन्ही वेळा मराठीत पास, अंकगणितात नापास. वयाची अट होती, त्यामुळे ही तिसरी वेळ शेवटची. हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं आणि कुणी बोलत नव्हतं. आप्पांना कारकून व्हायचं होतं हे मात्र ते बोलून दाखवायचे. "बसून काम करायचं बघ एकदा," म्हणायचे. एवढंच. पगाराचं त्यांनी कधी काढलं नाही.

मी आठवीत होतो, गणितात वर्गात पहिला. त्यामुळे एका सकाळी चहा पिता पिता आप्पा म्हणाले, "दिन्या, ह्यावेळी तूच शिकव मला. क्लासवाल्यापाशी बसायला लाज वाटती."

"माझ्यापाशी नाही वाटणार?" मी विचारलं.

"तुझ्यापाशी कसली लाज? तुझं नाक मी पुसलंय."

कचेरीतून ते पाठकोरे कागद आणायचे, एका बाजूला सरकारी मजकूर, दुसरी बाजू कोरी. ऑफिसला जाण्याआधी तासभर आम्ही दाराशी बसायचो. बेरीज-वजाबाकी, शेकडेवारी, नफा-तोटा, हे सगळं आप्पांना यायचं. त्यांची गाडी अडायची ती त्रैराशिकात, आणि त्यातही व्यस्त प्रमाणात. मागच्या दोन्ही वेळी तिथेच गुण गेले होते.

पहिलं गणित मी घातलं ते विहिरीचं. बारा मजूर एक विहीर पंधरा दिवसांत खोदतात, तर नऊ मजूर तीच विहीर किती दिवसांत खोदतील? आप्पांनी शांतपणे गुणलं, भागलं, आणि लिहिलं: सव्वा अकरा दिवस.

"आप्पा, माणसं कमी केलीत आणि विहीर लवकर झाली?"

त्यांनी कागदाकडे पाहिलं. "झाली आसंल. त्यातली तीन कामचुकार आसतील."

संपतनाना कोपऱ्यात चहा पीत होते, त्यांना ठसका लागला. "बरोबर हाय की! मुकादमानं हाकलली म्हनून बाकीचे जोरात लागले."

"आमच्या हापिसात बघ," आप्पांना जोर चढला. "एक टेबल होतं तवा फाईल आठ दिवसांत निघायची. आता चार टेबलं केली. आता म्हैना लागतो."

मी हसलो, पण मनात चिडलो होतो. आमच्या गणिताच्या बाईंनी एक युक्ती शिकवली होती. एक राशी वाढली तर तिच्यापुढे वर जाणारा बाण काढायचा. तिच्यामुळे दुसरीही वाढत असेल तर तिलाही वरचा, कमी होत असेल तर खालचा. बाण एका दिशेला असले तर सम प्रमाण, उलट दिशेला असले तर व्यस्त. मी आप्पांना बाण शिकवले. पाठकोऱ्या कागदांवर बाणच बाण झाले. पण बाण कुठल्या दिशेला काढायचा हे कळण्यासाठी आधी मनात प्रश्नाचं उत्तर असावं लागतं, आणि आप्पांच्या मनात ते वेगळंच असायचं.

वसतिगृहाचं गणित आलं तेव्हा तर फारच झालं. चाळीस मुलांना तीस दिवस पुरेल एवढं धान्य आहे, आणखी दहा मुलं आली, तर धान्य किती दिवस पुरेल? आप्पांनी लिहिलं: तीस.

"तीसच कसं?"

"धा पोरं आली म्हनून काय धान्य संपतं व्हय? बाई डाळीत पानी वाढवती. भाकरी जरा पातळ थापती. म्हैना काढायचा म्हंजी काढायचा."

आत आई खरोखरच पाहुण्यांसाठी डाळ वाढवत होती. मला ते दिसत होतं, ऐकू येत होतं, आणि तरीही मी म्हणालो, "आप्पा, सातवीतल्या पोरांना येतं हो हे!"

आमच्या गणिताच्या बाईंचा तो आवाज होता. वर्गात मला कधी तो ऐकावा लागला नव्हता, पण दुसऱ्यांना लागलेला ऐकून ऐकून माझ्या तोंडात बसला होता. खोलीत संपतनाना होते, ते दोघे गाववाले होते. कुणी हसलं नाही. आप्पांनी पेनाचं टोपण लावलं आणि उठून डबा घेतला.

दुसऱ्या दिवशी ते शिकायला बसले नाहीत. "हापिसात काम हाय," म्हणाले. तिसऱ्या दिवशीही तेच. मग आईने मला मागे बोलावलं. परातीत पीठ मळता मळता ती म्हणाली, "मास्तर झालास ते ठीक. पन मास्तराआदी पोरगा हायस त्यांचा. जा, बस म्हनावं."

मी गेलो. माफी मागायचा रिवाज आमच्यात नव्हता. मी फक्त म्हणालो, "आप्पा, आज करून दाखवतो. कागदावर नको."

रविवार होता. पाणी यायची वेळ झाली होती. दाराशी निळं प्लास्टिकचं पिंप असायचं, ते आमचं दिवसभराचं पाणी. माझं म्हणणं असं की एक माणूस बादलीने हे पिंप भरायला चाळीस मिनिटं घेतो. तर चार माणसं दहा मिनिटांत भरतील. आप्पांनी नुसतं बघायचं. मी, संपतनाना आणि ते दोघे, असे चौघे चार बादल्या घेऊन उभे राहिलो. शेजाऱ्यांच्या बादल्या उसन्या घेतल्या होत्या. मला फार उत्साह आला होता.

नळ आला. पहिली बादली लागली. आम्ही तिघे रिकाम्या बादल्या घेऊन उभे. ती भरली, दुसरी लागली, आम्ही पुन्हा तिघे उभे. मग मला घाई सुचली. "लवकर सरकवा, लवकर!" त्या सरकवासरकवीत एक बादली कलंडली, पाणी ओट्यावरून गटारात गेलं. संपतनाना आणि त्या दोघांतला एकजण बादलीची पाळी कुणाची यावर बोलायला लागले.

शेजारच्या तळवली गावची बेबीमावशी मासळीची पाटी घेऊन त्याच वेळी आमच्या ओळीत यायची. ती थांबली, पाटी डोक्यावर तशीच, आणि आमच्याकडे बघत म्हणाली, "काय रं, पान्याशी खेल मांडलाय? नल एक नं मानसां चार!"

ओळीतल्या सगळ्या दारांतून हशा झाला. तोवर धार बारीक झाली आणि पाणी गेलं. पिंप अर्धंसुद्धा भरलं नव्हतं. आई दारात येऊन उभी राहिली. "आज कुनी आंगुळी करायच्या न्हाईत," तिने जाहीर केलं. "मास्तरांनी पानी शिकवलंय."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण आप्पा हसत नव्हते. ते ओट्यावर बसून त्या अर्ध्या पिंपाकडे बघत होते, आणि त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी उमगत असल्याची जी खूण होती ती मी नंतर कॉलेजातल्या मित्रांच्या, माझ्या मुलीच्याही चेहऱ्यावर पाहिली आहे.

"दिन्या," ते म्हणाले, "म्हंजी तुझ्या पुस्तकातल्या मानसांना परत्येकाला आपापला नळ आसतो व्हय?"

मी विचार केला. बाईंनी असं कधी सांगितलं नव्हतं. पुस्तकातही नव्हतं. पण होतं ते तसंच.

"हो," मी म्हणालो.

"आन् समदी सारकीच काम करत्यात? कुनी बिडी वडायला जात न्हाई?"

"नाही."

"आन् पोरं आली तर डाळीत पानी न्हाई वाढवायचं."

"नाही वाढवायचं."

"मग आदी सांगायचं न्हाय का लेका!"

तो सगळा दिवस आम्ही बिनआंघोळीचे गणितं सोडवत होतो. आप्पांना एकदम सुटायला लागली. त्यांना भागाकार कधीच अडला नव्हता. त्यांना अडत होती ती गणितातली माणसं. ती माणसं खरी आहेत असं धरून ते इतकी वर्षं उत्तरं लिहीत होते, आणि खऱ्या माणसांच्या हिशेबाने उत्तरं बरोबर येत होती. ती खरी नाहीत, त्यांना भूक सारखी लागते, हात सारखे चालतात, त्यांच्यात भांडणं होत नाहीत, एवढं एकदा मान्य केल्यावर बाण आपोआप योग्य दिशेला जायला लागले. विहिरीला वीस दिवस. वसतिगृहाला चोवीस. आप्पा उत्तराखाली दोन रेघा मारायचे, त्या मारताना पेन जरा दाबायचे.

मी पुढे अभियांत्रिकी शिकलो, तिथेही हेच केलं. घर्षण नाही असं माना, दोरी वजनरहित आहे असं माना. प्रत्येक वेळी मला ओट्यावर बसलेले आप्पा आठवायचे. मानायचं काय हे ज्याला कळलं त्याला बाकीचं सोपं असतं, हे मी आज ठामपणे सांगू शकतो. सईला अवघड गेलं नाही कारण तिने कधी पाण्याची बादली घेऊन पाळी लावलेली नाही. ती सुरुवातीपासूनच मानून चालते.

परीक्षेला थोडे दिवस उरले होते तेव्हा आप्पा कचेरीतून एक बातमी घेऊन आले. पास होणाऱ्यांना बेलापूरला जागा नव्हती. जिथे कारकुनाची जागा रिकामी असेल तिथे जावं लागणार, आणि बहुतेक उरण. आज उरण म्हटलं की लोक सहज जाऊन येतात. तेव्हा एसटीच्या भरवशावर राहायचं, आणि रस्त्यावर बंदराकडे जाणारे कंटेनर. रोज येणं-जाणं जमलं नसतं. तिथे खोली घेऊन राहायचं आणि शनिवारी घरी यायचं.

जेवताना बोलणं झालं. आई म्हणाली, "हितं काय वाईट चाललंय? रोज घरी येता. पोरासंगं जेवता."

"बसायची खुर्ची मिळतीय तर सोडू नगा दादा," संपतनाना म्हणाले. "आमच्या पाठी बगा एकदा."

आप्पा दोघांचं ऐकत होते. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "मास्तर, तुमचं काय म्हननं?"

मी लगेच म्हणालो, "आप्पा, बसाच."

यावर मी वर्षानुवर्षं विचार केला आहे. मुलाने बापाला परीक्षेला बस म्हणावं यात वावगं काही नाही. पण त्या क्षणी माझ्या डोळ्यांपुढे आप्पांची खुर्ची नव्हती, आईचं आप्पांशिवाय जेवणं नव्हतं, उरणची खोली तर नव्हतीच. माझ्या डोळ्यांपुढे निकाल होता. मी शिकवलं होतं. माझा विद्यार्थी पास व्हायला हवा होता. आप्पांनी हे ओळखलं होतं का, मला माहीत नाही. ते म्हणाले, "मास्तर म्हनतात तर बसायलाच पायजे." आणि भाजी वाढून घेतली.

पेपर पनवेलला होता. संध्याकाळी ते परतले, ओट्यावर चपला काढल्या. मी विचारलं, व्यस्त प्रमाणाचं आलं होतं का? "ट्रॅक्टरचं आलं होतं," ते म्हणाले. "शेत नांगरायचं. उलटं करायचं होतं, केलं." मग जरा थांबून, "सगळे ट्रॅक्टर सारकेच धरले. डिझेल संपलं का म्हनून इचारलं न्हाय कुनाला."

ते पास झाले. संपतनानांनी सुकलेल्या झेंडूचा हार आणला, बाजारातला, उरलेला. आमच्या ओळीत पेढे वाटले. एप्रिलच्या एका सोमवारी आप्पा कपड्यांची पिशवी आणि गुंडाळलेली सतरंजी घेऊन एसटीत बसले.

आणि घर मोठं झालं. संपतनानांना त्याच सुमारास बाजाराजवळ जागा मिळाली, ते दोघेही त्यांच्याबरोबर गेले. मला हातपाय पसरून झोपता यायला लागलं. सगळ्या वह्या एकदम जमिनीवर मांडून बसता यायला लागलं. इतकी वर्षं मला हेच हवं होतं. माणसं कमी झाली की प्रत्येकाच्या वाट्याला जागा जास्त येते; पुस्तकातलं उत्तर इथे संपतं, आणि ते चूक नाही. पण आईला डाळ कमी करायची सवय लागायला दिवस गेले. ती रोज जास्त करायची, रोज उरायची, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तीच डाळ गरम करून आम्ही दोघं खायचो. शनिवारी आप्पा आले की ती एकदम वेगाने बोलायची, आठवडाभराचं. आप्पा ऐकता ऐकता झोपून जायचे.

मे महिन्याच्या सुट्टीत आईने मला उरणला पाठवलं. आप्पांना लोणचं, चटणी आणि धुतलेले सदरे पोचवायचे होते. एसटीच्या खिडकीतून मिठागरं दिसत होती, पांढरे ढीग आणि त्यावर उन्हाची चमक, बघवत नव्हतं. सगळ्या वाटेत मी एक वाक्य जुळवत होतो. आप्पा, तुम्हाला इथे करमत नसेल तर ते माझ्यामुळे. असं काहीतरी. प्रत्येक वेळी ते पुस्तकातल्यासारखं वाटायचं आणि मी पुन्हा पहिल्यापासून सुरू करायचो.

कचेरी कौलारू होती. आत एका टेबलामागे आप्पा खुर्चीवर बसले होते. मी त्यांना आयुष्यात पहिल्यांदा टेबलाच्या त्या बाजूला पाहिलं. ते चष्मा लावून काहीतरी उतरवून घेत होते, ओळी सरळ, समासाला रेघ. समोर एक म्हातारे गृहस्थ दाखल्यासाठी उभे होते. आप्पांनी त्यांना आधी बसायला सांगितलं, मग नाव विचारलं. म्हातारे गेल्यावर त्यांना मी दिसलो.

"आरं! ये, ये. जेवलास का?"

मी पिशवी ठेवली. टेबलाच्या कडेला उभा राहिलो. ओठांवर वाक्य आलं होतं. "आप्पा," मी म्हणालो, "तुम्हाला इथं..."

तेवढ्यात आतल्या साहेबांच्या खोलीतली घंटी वाजली. आप्पा ताडकन उठले. खुर्ची मागे सरकली, हातातलं पेन टेबलावर पडलं, टोपण खाली गेलं, आणि ते दाराच्या दिशेने दोन पावलं गेलेसुद्धा. त्यांच्या शेजारून एक तरुण शिपाई डुलत डुलत पुढे गेला आणि आत शिरला. आप्पा मध्येच उभे राहिले. पलीकडच्या टेबलावरच्या बाईंनी खाली मान घालून हसू लपवलं.

आप्पा वळले, परत आले, खुर्चीत बसले. माझ्याकडे बघताना त्यांचे डोळे मिस्कील झाले होते.

"बघितलंस?" ते हळूच म्हणाले. "डोकं कारकून झालं. पाय अजून शिपाईच हायत."

आणि ते हसले, खांदे हलवून, तोंडावर हात धरून, कचेरीत हसायचं नसतं म्हणून. मीही हसलो. माझं वाक्य तिथेच कुठेतरी राहिलं आणि मला ते पुन्हा शोधावंसं वाटलं नाही. आप्पांनी पायाने एक स्टूल माझ्याकडे सरकवलं, खाली पडलेलं टोपण उचलायला सांगितलं, आणि पुढचा कागद ओढून लिहायला लागले.